शिपाई, सावकार आणि एक मृत्युपत्र

चरित्रे वाचण्याची आपल्याकडे मोठी हौस आहे. त्यातही ‘शून्यातून विश्व’ ह्या जातीची चरित्रे आपल्या विशेष आवडीची. गरीब घरातला जन्म, लहानपणीच सुटलेले गाव, परक्या मुलुखातले कष्ट, मग हळूहळू पालटणारे नशीब आणि शेवटी एखादी शाळा, धर्मशाळा किंवा इस्पितळ बांधून कृतार्थ झालेले आयुष्य, हा साचा आपल्या इतका सरावाचा झाला आहे की नायकाचे नाव झाकले तरी पुढचे प्रकरण काय असेल हे वाचक बसल्या जागी सांगू शकेल. असल्या चरित्रांनी कोणाचे वाईट होत नाही, हे खरे. तरुण मुलांना त्यांतून चार गोष्टी घेण्यासारख्या मिळतात आणि वडीलधाऱ्यांना त्याच चार गोष्टी मुलांना सांगण्यासारख्या मिळतात. पण साहित्याचा विचार करणाऱ्याने ह्या साच्याला एक साधा प्रश्न विचारलाच पाहिजे. शून्य आणि विश्व ह्यांच्यामध्ये जी मोठी जागा आहे, तिथे नेमके काय घडले? ते विश्व कोणाच्या खर्चाने उभे राहिले?

हा प्रश्न विचारायला क्लॉड मार्टिनइतका सोयीचा माणूस दुसरा सापडणे कठीण. लखनौला गेलेल्या पुष्कळांनी त्याची ती अजस्र, थोडी चमत्कारिक, पुतळ्यांनी आणि कमानींनी लगडलेली कॉन्स्टन्शिया नावाची वास्तू पाहिली असेल. आज तिथे ला मार्टिनियर ही शाळा भरते. किपलिंगची ‘किम’ कादंबरी वाचलेल्यांना किम लखनौच्या ज्या शाळेत शिकतो ती आठवत असेल. तिच्यामागे हीच शाळा असल्याचे पुष्कळ जाणते वाचक मानतात. ह्या वास्तूच्या तळघरात तिचा मालक पुरलेला आहे. थडग्यावर कोणता मजकूर कोरावा हेदेखील त्याने स्वतःच सांगून ठेवले होते. मतितार्थ एवढाच की, हा माणूस ल्यों शहरी जन्मला, हिंदुस्थानात साधा शिपाई म्हणून आला आणि मेजर जनरल म्हणून मेला. त्याच्या आत्म्यासाठी प्रार्थना करा.

शून्यातून विश्वाचा साचा ह्याहून थोड्या शब्दांत कोणी मांडला असेल असे वाटत नाही. पण हा मजकूर पुन्हा एकदा सावकाश वाचावा. शिपाई आहे, मेजर जनरल आहे. व्यापारी कुठे आहे? सावकार कुठे आहे? नीळ पिकवणारा, घरे भाड्याने देणारा, नवाबाला विलायती माल पुरवणारा, राजाला आणि रयतेला कर्ज देणारा तो माणूस कुठे गेला? मार्टिन श्रीमंत झाला तो ह्या धंद्यांवर. लष्करी पगारावर असे वैभव कोणाला कधी मिळाले नाही. तरीही थडग्यावर मिरवायला त्याने तलवारच निवडली आणि तराजू गाळला. मार्टिनविषयी जे काही लिहिले गेले आहे त्याची परीक्षा मला ह्या गाळलेल्या शब्दापासून करावीशी वाटते.

१

प्रथम कथानक थोडक्यात सांगतो. जानेवारी १७३५ मध्ये फ्रान्सातल्या ल्यों शहरात, रेशमाच्या त्या प्रसिद्ध पेठेत, एका साध्या कुटुंबात मार्टिनचा जन्म झाला. सोळा-सतरा वर्षांचा असताना तो फ्रेंच कंपनीच्या फौजेत शिरला आणि १७५२ साली पाँडिचेरीला उतरला. तेव्हा तिथे ड्यूप्लेचा अंमल होता आणि दक्षिण हिंदुस्थान फ्रेंचांचे होणार की इंग्रजांचे, हे ठरायचे होते. आठ वर्षांत ते जवळजवळ ठरले. १७६० साली इंग्रजांनी पाँडिचेरीला वेढा घातला, शहरात उपासमार सुरू झाली आणि मार्टिन काही सोबत्यांसह इंग्रजांना जाऊन मिळाला. पुढल्या जानेवारीत शहर पडले.

ह्या पक्षांतराला फितुरी म्हणायचे की शहाणपण, ह्यावर पानेच्या पाने लिहिता येतील. मला त्याचे फारसे महत्त्व वाटत नाही. अठराव्या शतकातला भाडोत्री शिपाई कोणत्याही झेंड्याशी लग्न लावून बसत नसे. आपल्याकडचे गारदी पोटासाठी आज ह्याच्याकडे, उद्या त्याच्याकडे चाकरी करीत, तसाच हा प्रकार. महत्त्वाचे आहे ते त्याच्या पुढचे पाऊल. इंग्रजांकडे गेल्यावर १७६३ मध्ये त्याला अधिकारपद मिळाले आणि मग तो बंगालच्या बाजूला जमिनीच्या मोजणीवर गेला. नकाशाकार रेनेल ह्याच्या हाताखाली त्याने पुष्कळ मुलूख पायाखाली घातला. बंदूक धरणारा माणूस साखळी धरून जमीन मोजू लागला, आणि जमीन मोजता मोजता ती काय देते, कोणाला देते, हेही त्याला कळू लागले असले पाहिजे. त्याच्या आयुष्याला खरे वळण मिळाले ते इथे.

१७७५ साली अवधचा नवाब असफउद्दौला ह्याने आपली राजधानी फैजाबादहून लखनौला हलवली. पुढल्याच वर्षी मार्टिन तिथे नवाबाच्या शस्त्रागाराचा अधीक्षक झाला. कंपनीतला हुद्दा तसाच चालू राहिला, बढत्याही मिळत गेल्या. १७७९ मध्ये मेजर, १७८२ मध्ये लेफ्टनंट कर्नल आणि १७९५ मध्ये मेजर जनरल. पण हा सगळा काळ तो, म्हैसूरच्या स्वारीसारखे अपवाद सोडता, लखनौतच होता.

२

पैसा कसा झाला? शून्यातून विश्वाच्या चरित्रांचे घोडे नेमके इथेच पेंड खाते. ‘उद्योग, काटकसर आणि कल्पकता’ असे तीन शब्द टाकून चरित्रकार पुढल्या प्रकरणाकडे वळतात. मार्टिनपाशी हे तिन्ही गुण भरपूर होते, ह्यात शंका नाही. पण लखनौत त्या काळी एक असे यंत्र चालू होते की ज्याच्या शेजारी उभे राहणाऱ्या गोऱ्या माणसाचे उखळ पांढरे व्हायला फार मोठ्या गुणांची गरज नव्हती.

ते यंत्र समजायला अवघड नाही. कंपनीने अवधच्या रक्षणासाठी म्हणून आपल्या पलटणी तिथे ठेवल्या होत्या आणि त्यांचा खर्च नवाबाने द्यायचा होता. हा खर्च वर्षागणिक वाढत गेला. नवाब स्वतः उधळ्या आणि हौशी. शिवाय कंपनीचे देणे डोक्यावर. खजिना रिकामा पडला की कर्ज काढायचे, आणि कर्ज द्यायला जवळ कोण? तर लखनौतच राहणारे कंपनीचे अंमलदार. म्हणजे ज्यांच्या फौजेच्या खर्चाने नवाब कंगाल होत होता, त्यांच्यातलेच लोक त्याला व्याजाने पैसे देत होते. एका दाराने बाहेर गेलेला रुपया दुसऱ्या दाराने कर्ज बनून आत येई आणि जाताना व्याजाला सोबत घेऊन जाई. ही ‘आवळा देऊन कोहळा काढण्याची’ रीत मार्टिनने शोधून काढलेली नव्हती. ती त्याला इतरांपेक्षा चांगली साधली, एवढेच.

शस्त्रागारात तो तोफा ओतवीत असे, बंदुका बनवून घेत असे. १७८६ साली तिथे ओतलेली ‘लॉर्ड कॉर्नवॉलिस’ नावाची तोफ त्याच्या वास्तूत जपून ठेवलेली आहे. कानपूरजवळ गंगेकाठी नजफगड इथे त्याची जमीन होती आणि तिथे निळीचे उत्पादन चाले. लखनौत आणि बाहेर त्याची घरे होती, ती भाड्याने दिलेली असत. युरोपातून घड्याळे, आरसे, झुंबरे, चित्रे, यंत्रे येत आणि दरबाराच्या हौसेखातर विकली जात. आणि ह्या सगळ्याच्या मुळाशी सावकारी. ह्या धंद्यांना एकत्र बांधून ठेवणारी दोरी म्हणजे अंगावरचा लष्करी डगला. कर्जाची वसुली मागायला आलेला माणूस साधा बनिया असता तर त्याला दरवाजाशी ताटकळत ठेवता आले असते. मेजरसाहेबांना ताटकळत कोण ठेवणार? म्हणूनच मला वाटते की शिपाई आणि व्यापारी ही त्याच्या आयुष्याची दोन पर्वे नव्हती. शिपाई हे त्या व्यापाऱ्याचे भांडवल होते. थडग्यावर त्याने हुद्दा कोरून घेतला आणि धंदा गाळला, तो केवळ संकोचाने गाळला असेल असे नाही. एकाच्या पोटात दुसरा होताच.

३

आता त्याच्यावरच्या पुस्तकांकडे वळू. मार्टिनचे एक जुने चरित्र सरकारी दप्तराचे अधिकारी एस. सी. हिल ह्यांनी लिहिले आणि ते १९०१ साली कलकत्त्यात निघाले. ‘किम’ पुस्तकरूपाने आली तेही हेच साल. साम्राज्याचा सूर्य तेव्हा माथ्यावर होता आणि त्या उजेडात अशा माणसाची सावली लहानच दिसायची. त्यानंतर नव्वद वर्षांनी, १९९२ साली, लखनौच्या इतिहासात आयुष्य घातलेल्या रोझी लुएलिन-जोन्स ह्यांचे चरित्र आले, आणि २००३ साली त्यांनीच मार्टिनची पत्रे संपादून प्रसिद्ध केली. ह्या अभ्यासिकेचे ऋण मोठे आहे. दंतकथांच्या ढिगाऱ्याखाली गाडला गेलेला माणूस कागदपत्रांच्या आधाराने त्यांनी बाहेर काढला.

तरीही दोन्ही ग्रंथांच्या नावांपाशी मी थोडा अडखळतो. चरित्राच्या नावात मार्टिनला ‘फार कल्पक माणूस’ म्हटले आहे, आणि पत्रसंग्रहाच्या नावात ‘प्रबोधनयुगाचा माणूस’. दोन्ही विशेषणे खोटी नाहीत. १७८२ साली मूतखड्याने हैराण झालेल्या ह्या माणसाने पोलादी तारेची बारीक कानस तयार केली, ती स्वतःच्याच मूत्रमार्गातून आत घातली आणि दिवसातून अनेक वेळा, महिनोन्‌महिने घासून तो खडा झिजवला. वाचतानाही अंगावर काटा येतो! फ्रान्सात पहिले विमानफुगे उडून दोन वर्षे होतात न होतात तोच त्याने १७८५ मध्ये लखनौत फुगा उडवून दाखवला. गोमतीकाठच्या फरहतबक्ष ह्या त्याच्या घराच्या खालच्या मजल्यांत पावसाळ्यात नदीचे पाणी शिरे. पाणी ओसरले की ते मजले थंडगार राहत आणि उन्हाळ्यात राहायला मिळत. हजारो पुस्तके, दुर्बिणी, विजेची उपकरणे, चित्रे ह्यांनी ते घर भरलेले होते.

असा माणूस कोणाला आवडणार नाही? चरित्रकारालाही तो आवडतो, आणि आवडला की विशेषण देण्याचा मोह होतो. माझी तक्रार विशेषणाच्या खरेपणाबद्दल नाही, त्याच्या जागेबद्दल आहे. पुस्तकाच्या पाठीवर ‘कल्पक’ लिहिले की आतली सावकारीही कल्पकतेचाच एक नमुना होऊन बसते. फुगा आणि व्याज एकाच कपाटात शेजारी शेजारी ठेवले जातात, आणि फुग्याचा रंग व्याजालाही लागतो.

ह्या बाबतीत एका चित्रकाराने चरित्रकारांहून अधिक सांगितले आहे असे मला वाटते. योहान झोफनीने १७८६-८७ च्या सुमारास काढलेले ‘कर्नल पोलिए आणि त्याचे मित्र’ हे चित्र कलकत्त्याच्या व्हिक्टोरिया मेमोरियलमध्ये आहे. पोलिएच्या लखनौच्या घरातला हा देखावा. पोलिए समोर आणलेली फळे-भाजी न्याहाळतो आहे, झोफनी स्वतः चित्रफलकाशी बसला आहे, आणि मार्टिन आपल्या वॉम्बवेल नावाच्या मित्राला एक कागद दाखवतो आहे. त्या कागदावर मार्टिनच्या घराचे चित्र आहे. किती बोलकी निवड आहे ही! एक जण खाणे निवडतो, एक जण चित्र काढतो आणि हा आपली मालमत्ता दाखवतो. कडेला हिंदुस्थानी नोकर उभे आहेत. खोलीतल्या सगळ्या वस्तू आणण्या-उचलण्याचे काम त्यांचे, पण चित्राच्या नावात ते ‘मित्र’ नाहीत. झोफनी ह्यावर टीका करीत नव्हता. मित्रांना खूश करीत होता. पण चांगल्या चित्रकाराचा डोळा त्याच्या हेतूपेक्षा प्रामाणिक असतो.

४

मार्टिनची गोष्ट आपल्या मराठी इतिहासाला एका ठिकाणी अगदी लगटून जाते. महादजी शिंद्यांचा प्रसिद्ध सेनानी बेन्वा डी बॉयन हा मार्टिनचा जिवलग मित्र. सॅव्हॉयमधला हा तरुण नशीब काढायला हिंदुस्थानात आला, लखनौत मार्टिनच्या ओळखीचा झाला आणि १७८४ मध्ये महादजींच्या चाकरीत शिरला. लालसोट आणि आग्रा इथल्या लढाया झाल्यावर १७८९ च्या सुमारास तो चाकरी सोडून लखनौला गेला. आणि तिथे त्याने काय करावे? मार्टिनच्या सल्ल्याने नीळ आणि इतर मालाचा व्यापार! पुढे महादजींनी त्याला पुन्हा बोलावले, १७९० साली पाटण आणि मेडता इथे त्याच्या कवायती पलटणींनी जय मिळवले, हे आपण शाळेत शिकतो. मधल्या निळीच्या गोण्या मात्र आपल्या पाठ्यपुस्तकांत नसतात.

एवढेच नव्हे, १७९१-९२ च्या म्हैसूरच्या मोहिमेत मार्टिन लॉर्ड कॉर्नवॉलिसबरोबर टिपूवर चालून गेला, तेव्हा त्याच बाजूने हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन ह्यांच्या फौजाही लढत होत्या. लखनौचा हा सावकार आणि पुण्याचे हे सरदार एका रणभूमीच्या धुळीत होते.

पुण्यात वानवडीला महादजींची छत्री पाहताना डी बॉयनची आठवण आपल्याला अभिमानाने होते. पण ह्या दोन मित्रांच्या आयुष्यांची वीण पाहिली म्हणजे लक्षात येते की त्या काळात लढाई आणि व्यापार ह्यांच्यामध्ये आपण समजतो तशी भिंत नव्हती. डी बॉयन १७९६ च्या अखेरीस अफाट संपत्ती घेऊन युरोपात परतला, आपल्या शांबेरी गावाला देणग्या दिल्या, आणि गावाने त्याच्या स्मरणार्थ हत्तींचे कारंजे उभारले. मार्टिन परतला नाही. चाळीस लाखांच्या आसपास सांगितली जाणारी आपली संपत्ती त्याने कागदावर परत पाठवली. तो कागद म्हणजे त्याचे मृत्युपत्र.

५

दिवाळीत आपल्याकडे वहीपूजन होते. नव्या वहीच्या पहिल्या पानावर कुंकू वाहून लक्ष्मीचे नाव लिहितात, आणि मागच्या वर्षाचे येणे-देणे मिटवलेले असावे अशी अपेक्षा असते. १ जानेवारी १८०० ही तारीख घातलेले मार्टिनचे मृत्युपत्र मला अशाच, पण एका सबंध आयुष्याच्या वहीसारखे वाटते. ते इंग्रजीत आहे, त्याच्या स्वतःच्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत. जन्मभाषा फ्रेंच, कामाची भाषा इंग्रजी, आजूबाजूची भाषा हिंदुस्थानी आणि फारसी. तिन्हींच्या सांध्यावर उभा असलेला हा माणूस वाक्य सुरू करतो आणि त्याचे टोक त्याच्या हाती राहत नाही. वकिलाच्या हातून गेले असते तर ते शुद्ध झाले असते आणि मेले असते. साहित्य म्हणून कोणी त्याच्याकडे पाहत नाही. माझ्या मते मात्र मार्टिनवरचे सगळ्यांत प्रामाणिक पुस्तक हेच आहे, कारण चरित्रकारांनी जे झाकले किंवा सजवले, ते इथे तो आपण होऊन सांगतो.

सर्वांत मोठी जागा अडवून बसली आहे ती बुलोन. ती कोण होती? मार्टिनच्या घरातली स्त्री. लखनौत तिची ओळख गोरी बीबी म्हणून राहिली. मृत्युपत्रात मार्टिन सांगतो की ती नऊ वर्षांच्या आसपासची असताना आपण तिला दुसऱ्या एका फ्रेंच माणसाकडून पैसे देऊन घेतले. मग तो सांगू लागतो की तिला आपण पोटच्या मुलीसारखे वाढवले, शिकवले, तिच्या धर्माप्रमाणे वागू दिले. तिला कोठे जायचे तर मोकळीक होती, पण ती आपल्याला सोडून गेली नाही. तिच्यासाठी तो आयुष्यभराचा तनखा लावून देतो.

हा भाग वाचताना घशाशी काहीतरी अडकते. पासष्टाव्या वर्षी, मरण समोर दिसत असताना, हा माणूस कोणाला पटवून देतो आहे? बुलोनला तर सगळे ठाऊकच होते. व्यवहाराच्या दृष्टीने तनख्याचा आकडा पुरेसा होता. कायद्याला ह्या कहाणीची गरज नव्हती. तरी तो ती सांगतो, कारण त्या वहीत एक रक्कम अशी आहे की जी कोणत्याच बाजूला नीट मांडता येत नाही. नऊ वर्षांची मुलगी ही ‘खरेदी’ आहे की ‘माया’? त्याला ती माया म्हणून मांडायची आहे, पण खरेदीची नोंद खोडायला त्याचा हिशेबी स्वभाव तयार नाही. तो दोन्ही लिहितो. दंभ असता तर त्याने पहिले वाक्य गाळले असते. त्याचे हे न गाळणे हीच त्याची, जी काही आहे ती, थोरवी. आणि बुलोनला काय वाटत होते ते ह्या वहीत कोठेच नाही, ही त्या थोरवीची मर्यादा.

हिशेबाची हीच रीत पुढे चालू राहते. गुलामांना मुक्त करावे. लखनौ, कलकत्ता, चंद्रनगर इथल्या गरिबांना अमुक रकमेच्या व्याजातून दान द्यावे. कर्जापायी तुरुंगात पडलेल्यांची सुटका करण्यासाठी पैसे ठेवावेत. सावकाराने ऋणकोंना सोडवायला पैसे ठेवावेत, ह्याहून उघड कबुली ती कोणती! तोंडाने तो चूक म्हणत नाही, पण रक्कम बोलते. आणि त्या सर्वांवर कळस म्हणजे शाळा. लखनौ, कलकत्ता आणि जन्मगाव ल्यों, तिन्ही ठिकाणी मुलांच्या शिक्षणासाठी त्याने पैसा बाजूला काढला.

१३ सप्टेंबर १८०० रोजी मार्टिन वारला. कॉन्स्टन्शिया अजून पुरी बांधून व्हायची होती. आपले शरीर त्याच घराच्या तळघरात पुरावे असे त्याने लिहून ठेवले होते. थडगे असलेले घर नवाब बळकावणार नाही, म्हणून ही युक्ती केली, असे लखनौत सांगतात. खरे असेल तर मेल्यावरही त्याने आपल्या देहाचा मालमत्तेच्या रखवालीसाठी उपयोग करून घेतला म्हणायचा!

६

मृत्युपत्राचा पुढचा इतिहास कोर्टकचेऱ्यांचा आहे. फ्रेंच जन्माचा, इंग्रज कंपनीचा नोकर, नवाबाच्या मुलखातला रहिवासी. अशा माणसाच्या मिळकतीला कायदा कोणता लावायचा? ह्यात पिढी गेली. ‘ल्योंचा नगराध्यक्ष विरुद्ध ईस्ट इंडिया कंपनी’ ह्या खटल्याचा निकाल प्रिव्ही कौन्सिलने १८३६ साली दिला. परकीयाला स्थावर मिळकत धारण करण्यास मनाई करणारा इंग्लंडचा कायदा कलकत्त्यात कधी आणलाच गेला नव्हता, असे त्यात ठरले, आणि आपल्याकडचे कायद्याचे विद्यार्थी तो निकाल अभ्यासतात. आयुष्यभर दोन कायद्यांच्या फटीत राहून पैसा मिळवणाऱ्या माणसाच्या पैशानेच ती फट न्यायालयाला दाखवून दिली.

शाळा निघाल्या. ल्योंची १८३३ मध्ये, कलकत्त्याची १८३६ मध्ये, लखनौची १८४५ मध्ये. हिंदुस्थानातल्या दोन्ही शाळा पुढे दीर्घकाळ मुख्यतः युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलांसाठी चालल्या. म्हणजे अवधच्या खजिन्यातून निघालेला पैसा शाळेच्या रूपाने अवधच्या मातीत परत आला खरा, पण अवधच्या बहुतेक मुलांसाठी तिचे दार उघडायला फार काळ जावा लागला. १८५६ मध्ये डलहौसीने अवध खालसा केले, आणि पुढल्याच वर्षी उठाव झाला. तेव्हा ला मार्टिनियरची मुले रेसिडेन्सीत जाऊन इंग्रजांच्या बाजूने उभी राहिली. त्याच धामधुमीत तळघरातल्या थडग्याची मोडतोड झाली आणि अस्थी विखुरल्या गेल्या; मागाहून त्या पुन्हा तिथेच ठेवल्या, असे म्हणतात. ज्यांनी ते थडगे फोडले त्यांना मार्टिनच्या फुग्याविषयी किंवा पुस्तकांविषयी काही ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्यांना एवढेच माहीत असावे की हे फिरंग्याचे घर आहे. चरित्रकारांनी जी मधली जागा विशेषणांनी भरली, ती त्यांनी पहारीने उकरली.

आज त्या शाळांत सर्व जातिधर्मांची मुले शिकतात. त्यांच्या आई-वडिलांना संस्थापकाच्या व्याजाचा हिशेब विचारण्याचे कारण नाही, आणि त्यांनी तो विचारावा असेही मी म्हणत नाही. वर्गात शिकलेले गणित संस्थापकाच्या पापाने चुकत नाही. पण चरित्र लिहिणाऱ्याचे आणि वाचणाऱ्याचे काम निराळे आहे. शाळा दाखवून सावकारी झाकणे हा एक सोपा मार्ग. सावकारी दाखवून शाळा नाकारणे हा दुसरा, तितकाच सोपा. मार्टिनने स्वतः ह्यांपैकी एकही घेतला नाही. खरेदी आणि माया, व्याज आणि दान, गुलाम आणि मुक्ती, सगळे त्याने एकाच वहीत, एकामागून एक कलम घालून लिहून ठेवले, आणि बेरीज मात्र केली नाही.

ती बेरीज केल्याचा आव आणणारे चरित्र कितीही रंगतदार असले तरी माझ्या लेखी उणेच. मुलांच्या हाती ‘शून्यातून विश्व’ देताना मधली पाने फाडून देऊ नयेत, एवढीच विनंती. मुलांना ती समजतात. नऊ वर्षांच्या मुलीची किंमत किती, हा प्रश्न एखादी नऊ वर्षांची मुलगी आपल्याला सरळ विचारील, आणि त्याला उत्तर देण्याची तयारी चरित्रकाराची आणि आपली असली पाहिजे.